बहिणाबाई, कोल्हापूरचं देणं

ती. बहिणाबाईंना शि. सा. नमस्कार.

तुमचं नाव काढलं की इथले निम्मे लोक खानदेशच्या बहिणाबाई चौधरींच्या ओव्या म्हणू लागतात. त्या थोरच, पण तुम्ही त्यांच्या अडीचशे वर्षं आधीच्या आणि तुमच्या कवितेचं मूळ आमच्या गावात. जन्म १६२८ चा, वेरूळजवळच्या देवगावचा. अखेर शिऊरला, १७०० साली. मधे कर्जापायी गाव सोडून तुमचं बिऱ्हाड कोल्हापुरात आलं. मागोमाग येणारं वासरू घेऊन तुम्ही जयरामस्वामी वडगावकरांच्या कीर्तनाला जायचात. तिथं तुकोबा तुमच्या कानावर पडले.

तुमच्या थोडं आधी इंग्लंडात कवयित्री मेरी सिडनीनं भाऊ फिलिपनं अर्धवट सोडलेली बायबलमधली स्तोत्रं पद्यात पुरी केली. दीडशेपैकी ४३ त्याची, उरलेली तिची. तिला कवितेचा वारसा घरातच मिळाला. तुम्हाला तो घराबाहेरून, घरच्यांचा रोष पत्करून आणावा लागला. नवरा वेदपाठी ब्राह्मण, आणि तुम्ही गुरू केलात शूद्र मानलेल्या तुकोबांना. तेही प्रत्यक्ष न पाहता, स्वप्नातल्या उपदेशावर. नवऱ्यानं बांधून मारलं, तेही तुम्ही आत्मकथनात लपवलं नाहीत. प्रभाव म्हणजे थोरांची सावली, असं समीक्षक सहज लिहून जातात. तुम्ही तर तो मार खाऊन निवडलात.

१९२९ साली इंग्रज लेखिका व्हर्जिनिया वुल्फनं शेक्सपिअरची एक बहीण कल्पिली: अंगात तेवढीच प्रतिभा, पण कविता होण्याआधीच संपलेली. त्याच वर्षी पुण्यात जस्टिन अॅबट यांनी केलेलं तुमच्या अभंगांचं इंग्रजी भाषांतर छापलं गेलं. वुल्फबाईंच्या हाती ते पडलं असतं तर? लिहिणाऱ्या बाईला स्वतःची खोली आणि वर्षाला पाचशे पौंड हवेत, असा त्यांचा हिशेब. तुमच्याकडे यातलं काहीच नव्हतं. पण म्हणून त्यांचा हिशेब खोटा ठरत नाही. तुमच्यासारख्या किती जणी गप्प झाल्या असतील, एवढंच मनात येतं.

पतिव्रताधर्मावरचे तुमचे अभंग मात्र मला अजून पचत नाहीत. सोयीचे तेवढे अभंग निवडून तुम्हाला बंडखोर ठरवणंही पटत नाही. मारणाऱ्या नवऱ्याला देव मानणाऱ्या तुम्हीच संस्कृतातली ‘वज्रसूची’ मराठीत आणलीत आणि जन्मानं कुणी ब्राह्मण होत नाही, हे सांगितलंत. ते अभंग नवऱ्याला कधी म्हणून दाखवलेत का?

तुमची,
कोल्हापूरची एक वाचक