तळहातावरची जीभ

परग्रहवासी रचायचा म्हटलं की आपण विज्ञानकथा लिहिणारे आधी डोळ्यांकडे वळतो. तीन डोळे, पाठीवर डोळा, अंधारात दिसणारा डोळा. मग कान, मग कातडीचा रंग. जिभेची आठवण कुणाला होत नाही. तो प्राणी काय खातो एवढं सांगून गोष्ट पुढे सरकते. मी मात्र जिभेच्या पक्षातली आहे. त्याला कारण झालं ओलाफ स्टेपल्डन या इंग्रज लेखकाचं १९३७ सालचं ‘स्टार मेकर’.

त्या कादंबरीत एक माणूस रात्री टेकडीवर बसलेला असताना त्याचं मन देह सोडून ताऱ्यांमध्ये भटकायला निघतं. पहिला मुक्काम पडतो तो पृथ्वीसारख्याच एका ग्रहावर. तिथली माणसं बरीचशी आपल्यासारखी आहेत, पण तिथे संगीत रुजलेलं नाही. त्याची जागा चवीने आणि वासाने घेतली आहे. चव त्यांना तोंडात तर कळतेच, शिवाय ओलसर तळहातांना आणि तळपायांनाही कळते. अनवाणी पळणाऱ्या मुलाला पायाखालच्या मातीची, दगडाची, चिरडलेल्या पानाची चव लागत जाते. तिथला देव चाखायचा असतो. तो मुळात गोड की खारट, यावर धर्मयुद्धं झालेली आहेत, आणि तो हातांना कळतो की फक्त पायांना, यावर आचार्यांचे पंथ पडले आहेत.

इथपर्यंत नुसती गंमत आहे. कुणीही हुशार लेखक एवढं रचू शकेल. खरी कारागिरी पुढे आहे. त्या ग्रहावर वंश ओळखला जातो तो माणसाच्या अंगाच्या चवीवरून. एके काळी त्यात काही तथ्य असेलही. पण कारखाने आले, माणसं सरमिसळ झाली, एकाच घरातल्या दोघांची चव एकमेकांना सोसवेना. तरी प्रत्येक देशाची एक अधिकृत चव उरलीच. निवेदक ज्या देशात राहतो तिथे खारटपणा खानदानी समजला जातो. प्रत्यक्षात त्याला अस्सल खारट असा एकच माणूस भेटतो, आणि तो एक शेतकरी असतो. बाकीचे बहुतेक लोक कृत्रिम उपायांनी खारट झालेले असतात, आणि जे जेमतेम खारट ते शेजाऱ्याचा आंबटपणा उघडा पाडत फिरतात. हातापायांची चव लपवता येते, शय्येवरची येत नाही. म्हणून लग्नाच्या पहिल्या रात्री दोघांनाही एकमेकांचं बिंग कळतं, आणि दोघांचंही पितळ उघडं पडलेलं असल्यामुळे दोघंही गप्प राहतात.

हा परिच्छेद मी पुन्हा पुन्हा वाचते. पुस्तकाच्या प्रस्तावनेखाली मार्च १९३७ असा महिना आहे; युरोप दुसऱ्या महायुद्धाकडे निघाला होता आणि जर्मनीत रक्ताच्या शुद्धतेचे कायदे होऊन गेले होते. स्टेपल्डनच्या डोळ्यांसमोर ते होतं, हे उघड आहे. मराठी वाचकाला मात्र त्याच महिन्यातली दुसरी गोष्ट आठवावी. १७ मार्च १९३७ ला मुंबई उच्च न्यायालयाने महाडच्या चवदार तळ्याचा निकाल अस्पृश्यांच्या बाजूने दिला. दहा वर्षांपूर्वी, १९२७ मध्ये, डॉ. आंबेडकर आणि त्यांच्या सोबतचे लोक ते पाणी प्यायले, तेव्हा सवर्णांनी पंचगव्याने तळं शुद्ध करून घेतलं होतं. कुणाच्या ओंजळीने त्या पाण्याची चव तसूभरही बदललेली नव्हती. स्टेपल्डनच्या ग्रहावर निदान माणसांच्या चवीत काहीतरी फरक होता. आपण तेवढ्याचीही गरज ठेवली नाही.

लेखक म्हणून मी यातून एक कसब उचललं. नवं इंद्रिय बनवायला फारसं डोकं लागत नाही, त्याचा कच्चा माल पृथ्वीवर पडलेलाच आहे. मांगूर माशाला मिशांनी आणि सगळ्या अंगाने चव कळते. जिलबीवर बसणारी माशी सोंड टेकण्याआधी पायांनी गोडवा ओळखते. अष्टपाद ज्याला धरतो त्याला चाखतोच. त्याच्या चोषकांवर त्यासाठीचे ग्राहक आहेत. उलट मांजराला गोड कळतच नाही, कारण त्यासाठी लागणारं जनुक निकामी झालंय; आपल्या मांजराला खीर आवडते, ती दुधासाठी. हे सगळं उचलून कुणालाही प्राणी उभा करता येतो. पण त्या इंद्रियाला फसवायचा धंदा कोण करतं, ते कशाची लाज धरायला लावतं, हे ठरल्याशिवाय समाज उभा राहत नाही.

सध्या लिहीत असलेल्या कथेत माझी माणसंही तळहातांनी चाखतात. चव दुरून कळत नाही, ही माझी पहिली अट. तिथे राजाचा पुतळा उपयोगाचा नाही. राजाच्या घामात मळलेली मिठाची वीट वेशीवर ठेवतात आणि येणारा-जाणारा तिला हात लावतो. पावसाळ्यात वीट झिजली की राज्य कुणाचं यावर कुजबुज सुरू होते. चोरून वीट बनवणारे अर्थातच आहेत. दुसरी अट अशी की चव थकते. तीच चव सतत लागत राहिली की ती लागेनाशी होते, हे आपल्या जिभेचंही खरं आहे. म्हणून तिथली नवराबायको दिवसातून एकदा हात धुतात, नाहीतर एकमेकांना कळेनाशी होतील. भावाभावांचा वाद जमिनीच्या वाटणीवरून नसतो. आई गेल्यावर घराची फरशी कधी पुसायची, यावर ते कोर्टात जातात.

आणि अशा ठिकाणी एखाद्याला शिवायचं नाकारणं म्हणजे त्याच्याकडे बघायचंच नाकारणं. हे मला फार उशिरा, तिसरं प्रकरण लिहिताना सुचलं, आणि मग कथेचा नायक बदलावा लागला. आता तो हातमोजे शिवणारा आहे.

चव दुरून कळत नाही, ही अडचण स्टेपल्डनने वेगळ्या तऱ्हेने सोडवली. त्याच्या ग्रहावर नभोवाणीवरून चवींच्या मैफली प्रसारित होतात, आणि खिशातलं यंत्र त्या तळहाताला पोचवतं. परिणामी बाया-पुरुष, जो दिसेल त्याचा एक हात खिशात. हे वाचताना मी लोकलच्या डब्यात होते, आणि मान वर करून आजूबाजूला बघायची गरज पडली नाही.

तुम्ही नवा ग्रह रचायला घ्याल तेव्हा तिथल्या रहिवाशांच्या शरीराची आकृती मागाहून काढा. आधी त्यांच्या बाजारात जा, आणि तिथे नकली काय विकलं जातं, ते लिहून घ्या.