झारेकरीण आणि मी

‘उद्या पहाटे सराफ्यात जाणार आहे,’ असं मी जाहीर केलं तेव्हा सौभाग्यवतींनी न मागता दुसरा चहा केला. सोबत त्या नसून मेहुण्याचा आठ मिलिमीटरचा कॅमेरा येणार, हे नंतर कळलं. पुढे आठवडाभर एकच चहा.

ही १९७८ सालची गोष्ट. दादासाहेब फाळक्यांनी १९१२ मध्ये वाटाण्याचं रोप उगवताना टिपलं आणि ते दाखवून ‘राजा हरिश्चंद्र’साठी भांडवल मिळवलं. सावेदादा भाटवडेकरांनी त्याही आधी, १८९९ मध्ये, मुंबईच्या हँगिंग गार्डनमधली कुस्ती टिपली होती. वाटाणा झाला, कुस्ती झाली. माझ्या वाट्याला सोनं उरलं. कोलारला जायला रजा नव्हती. पण आमच्या औरंगाबादेत (आताचं छत्रपती संभाजीनगर) शहागंजजवळच्या सराफ्यात पहाटे खाण चालायचीच की!

सोनाराच्या कानशीतून उडालेले कण कपड्यांना, पायांना चिकटून रस्त्यावर येतात. पेढ्या उघडण्याआधी झारेकरी ती धूळ झाडून नेतात, गटारातला गाळसुद्धा. परातीत पाणी घालून गाळ गोल गोल हलवायचा. माती वाहून जाते. सोनं वाळूच्या सातपट जड, ते तळाशी बसतं. पारा ते नेमकं पकडतो. पारा उडवला की उरते बाजरीच्या दाण्याएवढी गोळी. नदीच्या वाळूतून सोनं काढणारे सोनझारीही गाळ असाच धुतात. यांची नदी तेवढी गटार.

मी नाक दाबून गटाराकाठी बसलो. रीळ चार मिनिटांचं; त्यातलं एक माझ्या बुटावर खर्च झालं.

“काय करायलात साहेब?” परातवाल्या मावशींनी विचारलं.

“तुमचा सिनेमा काढतोय.”

“अन् ह्या फाटक्या लुगड्यावर?”

त्या घरी जाऊन ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसून आल्या. तोवर उजाडलं होतं आणि रीळ संपलं होतं. काय करणार? कॅमेऱ्याला किल्ली दिली आणि रिकामाच खुरखुर फिरवत राहिलो. मावशी इतक्या ऐटीत परात हलवत होत्या की निम्मा गाळ सांडला.

रीळ धुऊन आलं ते काळंकुट्ट. अंधारात काय उमटणार? शरमेनं सांगायला गेलो.

“लुगडंबी नाही दिसत?”

“नाही.” खरं कारण सांगायचा धीर झाला नाही.

त्या थोडा वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, “द्या इकडं. एक्स-रेच्या फिल्ममधून चांदी निघती, ह्यातूनबी निघंल.”

मूकपटांची कितीतरी रिळं अशीच चांदीपायी गेली. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघालं ते १९६४ साली. माझ्या रिळात तर चित्र उमटलंच नव्हतं, त्यामुळे चांदी पुरेपूर शाबूत होती.

पंधरा दिवसांनी मावशींनी माझ्या हातावर चार आणे ठेवले. “निम्मे तुमचे,” म्हणाल्या.