पाऱ्यासारखं अंग

‘टर्मिनेटर २’ हा जेम्स कॅमेरॉनचा सिनेमा १९९१चा. आमच्या घरी तो दर सुट्टीत एकदा तरी लागतोच, कारण नातवाला त्यातला पोलिसाच्या वेशातला खलनायक बघायचा असतो. घाबरतो, पण बघतो. हा खलनायक म्हणजे भविष्यकाळातून पाठवलेलं यंत्र, आणि तेही सबंध पातळ धातूचं. ज्याला शिवेल त्याचं रूप घेतं. फरशी होऊन जमिनीशी पडून राहतं. पहारेकरी वरून चालत गेला की त्याच्या मागे उठून उभं राहतं, त्याच्याच चेहऱ्यानं. गोळीनं भोक पडतं, लगेच मिटतं. गजांच्या दारातून ते आरपार जातं, पण हातातलं पिस्तूल गजाला अडकतं. ते बिचारं साधं लोखंड! हा प्रसंग मला फार आवडतो.

या धातूला मर्यादाही घातली आहे. सुटे भाग आणि दारूगोळा लागतो अशी वस्तू त्याला होता येत नाही, म्हणजे बंदूक नाही, बाँब नाही. (मिक्सरही नाही, हे माझं मी ठरवलं.) सुरी, सळई, आकडा एवढं जमतं. आणि सबंध सिनेमाभर ते तेवढंच करतं. दुसऱ्याचे चेहरे घ्यायचे नि भोसकायचं. बायकांनो, तुमच्या हाती असलं द्रव्य आलं असतं तर? मी तर आधी माळ्यावर चढायची शिडी केली असती, मग किसणी, मग बस्तीच्या पायऱ्यांना म्हाताऱ्या बायकांसाठी कठडा. असल्या वस्तू त्या सिनेमावाल्यांच्या मनातही आल्या नाहीत.

पहिल्यांदा पाहताना शेवटाकडच्या एका प्रसंगाला मी सावरून बसले. द्रवरूप नायट्रोजननं ते यंत्र गोठतं, गोळीनं त्याचे शेकडो तुकडे होतात. मग पोलाद कारखान्याच्या उष्णतेनं तुकडे वितळतात, थेंब थेंबाकडे सरकतो आणि अंग पुन्हा उभं. लहानपणी पाठशाळेत नारकींचं वर्णन ऐकलेल्या कुणालाही हे ओळखीचं वाटेल. त्यांचं शरीर वैक्रियिक. तुकडे केले तरी पाऱ्यासारखे परत जुळतात, मरण लवकर येत नाही. देवांना वेगळी रूपंही निर्माण करता येतात. नारकींना फक्त आपलं अंगच बदलता येतं, आणि त्याची होतात ती शस्त्रं. कॅमेरॉननं आमचं शास्त्र वाचलं असं मी म्हणत नाही. तसं म्हणणारे बस्तीच्या कट्ट्यावर पुष्कळ आहेत, त्यांच्यावर सोडते. पण पूज्यपादांच्या ‘सर्वार्थसिद्धी’त एक गोष्ट आहे ती सिनेमात नाही. नारकी चांगलं काही करू म्हणून रूप बदलायला जातात, आणि होतं ते वाईटच. या धातूला चांगलं करावंसंही वाटत नाही.

त्याचा सगळ्यात भयंकर उपयोग स्वयंपाकघरात होतो. मुलाला सांभाळणाऱ्या बाईचं रूप घेऊन ते फोनवर बोलतं, अगदी मायेनं, घरी ये म्हणतं. दुसऱ्या हाताची तलवार झालेली आणि ती शेजारी दूध पीत उभ्या असलेल्या नवऱ्याच्या आरपार. चेहरा, आवाज, सगळं बरोबर. तरी पोराला संशय येतो, कारण ही बाई एवढी गोड कधी बोलत नाही. मग कुत्र्याचं खोटं नाव घेऊन खात्री केली जाते.

हे आम्हा आयांना कुणी सांगायला नको. गेल्या वर्षी आमच्या ह्यांच्या पायाचं ठरलं, तेव्हा पुण्याच्या लेकीला फोनवर मी नुसतं ‘जेवलीस का ग बाळा’ म्हटलं, तर पलीकडून, “आई, खरं सांग, बाबांना काय झालंय?”

झालं होतं असं की दोनशे पावलं चाललं की पोटरीत गोळा येऊन हे मटकन बसायचे. मांडीतली रक्तवाहिनी आतून अरुंद झालेली. डॉक्टरांनी तिथं जाळीची नळी बसवली, निटिनॉलची. निकेल आणि टायटॅनियमचा हा मिश्रधातू अमेरिकन नौदलाच्या प्रयोगशाळेत सापडला, आणि नावातही ती प्रयोगशाळा आहे. त्याला एक आकार शिकवून ठेवतात. मग गार करून दाबा, वाकवा, बारीक नळीत कोंबा. अंगाच्या उबेत मोकळा सोडला की शिकवलेल्या आकाराला येतो. दात सरळ करायच्या तारांतही हाच असतो. आमच्या पेठेतल्या किती पोरींच्या तोंडात तो आहे, कुणाला पत्ता नाही.

ह्यांनी डॉक्टरांना एकच विचारलं, “परत मिटणार नाही ना हो?” जाळी नाही मिटायची, डॉक्टर म्हणाले, पण साखर सांभाळा आणि रोज चाला.

पहिले पंधरा दिवस हे पाऊल असं टेकवायचे, जसं काही आत काच आहे. आता बस्तीपर्यंत न थांबता जातात. येताना कट्ट्यावर बसतात खरे, पण पाय दुखतो म्हणून नव्हे.