खोट्या दाखल्यांचा विनोद

मल्याळममधली पहिली लघुकथा म्हणून जिचे नाव घेतले जाते, ती वेंगयिल कुञ्ञिरामन नायनार यांची ‘वासनाविकृती’ (१८९१) एका चोराच्या तोंडून सांगितलेली आहे. हा चोर आपल्या चोऱ्यांआधी आपले कूळ सांगतो. नामांकित चोरांचे घराणे असल्याने विद्या रक्तातच आहे, असा त्याचा दावा. थोरवीचा पुरावा भलत्याच ठिकाणी मांडण्याची ही खोडी पुढच्या लेखकांनी सोडली नाही.

वैकोम मुहम्मद बशीर (१९०८–१९९४) यांनी तर ती कथनातच मुरवली. त्यांच्या एका कथामालिकेत खिसेकापू आहेत, तीन पत्त्यांचा डाव मांडणारे आहेत, भुरटे चोर आहेत. निवेदक मात्र स्वतःला ‘विनम्र इतिहासकार’ म्हणवतो आणि इतिहासाच्या विद्यार्थ्यांसाठी म्हणून हे सगळे नोंदवतो. इतिहासकाराचा थाट राजेरजवाड्यांसाठी राखलेला असतो. तो खिसेकापूच्या लग्नाला लाभला की हसू आपोआप येते. शिवाय दरबारी इतिहास तरी वेगळ्या मालमसाल्याचे असतात का, ही शंका मागे उरते.

‘विश्वविख्यात नाक’ (१९५४) या कथेत बातमीदाराचा आव आहे. एका निरक्षर स्वयंपाक्याचे नाक वाढत जाते आणि तो जगप्रसिद्ध होतो. विचारवंत त्या नाकावर वाद घालतात, सरकार पदवी देते, राजकीय पक्ष त्याला ओढायला धावतात. नाक रबराचे असल्याचा आरोप होतो तेव्हा सुई टोचून खातरजमा केली जाते. रक्त येते! नाकाखालच्या माणसाशी मात्र कोणालाच कर्तव्य नसते. यातले एकही प्रमाण खरे नाही, पण प्रमाण देण्याची पद्धत हुबेहूब खरी आहे.

दिल्लीत पत्रकारिता केलेले व्ही. के. एन. यांची तऱ्हा निराळी. त्यांच्या ‘पय्यन’ या नायकाच्या कथांत संस्कृत, कथकळी आणि इंग्रजी कोट्या एकमेकांवर आदळतात. या कथांच्या संग्रहाला १९८२ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. वाचक बहुश्रुत नसेल तर त्यांचा अर्धा विनोद हातून निसटतो, आणि अनुवादात उरलेलाही फारसा टिकत नाही. बशीर या बाबतीत अधिक उदार आहेत.

त्यांचा एट्टुकाली मम्मूञ्ञ गावातल्या कुठल्याही गर्भारपणाचे श्रेय स्वतःकडे घेतो. दुसऱ्याच्या कामावर आपले नाव लावणाऱ्या पुढाऱ्याला केरळात आजही याच नावाने चिडवतात.