तहानलेल्यांचे गाव

मेल्यावर माणूस कोठे जातो, हा प्रश्न जगातल्या प्रत्येक समाजाने आपापल्या मगदुराप्रमाणे सोडवलेला आहे. कोणी त्याला स्वर्गात अप्सरांचे नृत्य पाहायला बसवले, कोणी उकळत्या तेलाच्या कढईत टाकले, तर कोणी चौऱ्याऐंशी लक्ष योनींच्या फेऱ्यात सोडून दिले. पण आजच्या इराकच्या दक्षिण भागात चार-पाच हजार वर्षांपूर्वी जे सुमेरियन लोक नांदत होते, त्यांनी दिलेले उत्तर मला सर्वांत साधे आणि म्हणूनच सर्वांत भीतिदायक वाटते. त्यांच्या मते मेलेला माणूस जमिनीखालच्या एका अंधाऱ्या गावी जातो. राजा असो की रंक, सर्वांना तेच गाव. तेथे पापपुण्याचा झाडा फारसा घेतला जात नाही. तेथे गेलेल्याला फक्त तहान लागते.

आणि ती तहान भागवायची कोणी? तर मागे राहिलेल्यांनी. घरच्या माणसांनी ठरल्या दिवशी मृताच्या नावाने पाणी ओतायचे, भाकरी ठेवायची. पाणी ओतण्याच्या त्या जागेला सुमेरियन भाषेत स्वतंत्र शब्द होता, ‘की-आ-नाग’. पाणी खाली नीट पोचावे म्हणून मातीची नळी थडग्यात सोडण्याचीही तिकडे चाल होती. ज्याच्या नावाने कोणी पाणी ओतत नाही, त्याच्या वाट्याला त्या गावात धूळ आणि चिखल.

हे सारे मी प्रथम वाचले तेव्हा दूरदेशीचे काही वाचतो आहे असे मला वाटेना. कारण मी कळवणचा.

आमचे कळवण नाशिक जिल्ह्यात, गिरणेच्या खोऱ्यात. पुण्यामुंबईच्या वाचकांना अक्षय्य तृतीया म्हटली की सोन्याची पेढी आणि आमरस आठवतो. आमच्याकडे आणि पलीकडच्या खानदेशात ती ‘आखाजी’. माहेरवाशिणींनी झोक्यावर बसून गाणी म्हणायचा तो सण, तसाच पितरांना पाणी पाजायचाही. ऐन वैशाखातला सण. विहिरीचा तळ दिसत असतो. त्या दिवशी सकाळी उंबरठ्याची पूजा होते आणि एकेका पूर्वजाचे नाव घेऊन कुंकवाचे एकेक बोट उंबरठ्यावर उमटवले जाते. मग मातीची नवी घागर पाण्याने भरायची, तिच्यावर लहान मडके, त्यावर डांगर, म्हणजे तुमचे खरबूज, आणि सांजोऱ्या, आंबे. ही पितरांची घागर. माझी आजी ती भरताना इतक्या मायेने पाणी ओतायची की जणू उन्हातून चालत आलेला कोणी ओट्यावर टेकला आहे आणि त्याला विचारायचे तेवढे बाकी आहे, ‘थकलात ना?’

शिक्षकाच्या नोकरीतून निवृत्त झाल्यावर मी इतिहासाची जाडजूड पुस्तके वाचायचा सपाटा लावला. त्यांतल्याच एकात सुमेरियन कथांचे इंग्रजी भाषांतर होते. ही संध्याकाळी निवडायला घेऊन बसली म्हणजे मी तिला एकेक कथा मराठीत सांगत असे. एके दिवशी गिल्गमेश राजाची कथा निघाली. त्याचे खेळणे पाताळात पडते. ते आणायला त्याचा सेवक आणि सखा एन्किडू खाली उतरतो आणि तिथेच अडकतो. शेवटी जमिनीला एक छिद्र पाडून त्याचे भूत तेवढे वर येते. दोघे कडकडून भेटतात आणि गिल्गमेश त्याला विचारू लागतो : तिकडची रीत काय? अमका पाहिलास का? तमका कसा आहे?

हा प्रश्नोत्तरांचा भाग म्हणजे अगदी शाळेतल्या पाढ्यासारखा आहे. एक मुलगा असलेला माणूस भिंतीतल्या खुंटीपाशी रडत बसला आहे. ज्याला दोन मुलगे, तो दोन विटांवर बसून भाकरी खातो आहे. ज्याला तीन, त्याला पखालीतले पाणी मिळते. ज्याला चार, तो चार गाढवांचा धनी असावा तसा हर्षभरित आहे. आणि ज्याला सात मुलगे, तो देवांच्या पंक्तीला जाऊन बसला आहे! जितके मुलगे तितकी पाणी ओतणारी हाते, असा सरळ हिशोब. चार गाढवांपाशी ही हसली. मीही हसलो. पण पुढची ओळ डोळ्यांखालून गेली आणि मी पुस्तक मिटले.

पुढच्या ओळीत वारस नसलेला माणूस होता. त्याच्या वाट्याची भाकरी भट्टीत भाजलेल्या विटेसारखी असते.

“का थांबलात?” हिने विचारले.

“डोळे दुखतात,” मी म्हणालो.

आम्हाला मूल नाही. म्हणजे, एक झाले होते. 1979 सालच्या आषाढात मुलगी जन्मली, ती न रडताच. नाव ठेवायची वेळ आली नाही. आपल्याकडे इतक्या लहान जिवाला अग्नी देत नाहीत. मीच तिला नदीकाठी ठेवून आलो. त्यानंतर या विषयावर आम्ही दोघे बोललो नाही. न बोलण्याची सवय लागते, आणि ती सवयच पुढे संसाराचा एक खांब होऊन बसते.

सुमेरियन लोकांना नावे ठेवण्यात अर्थ नाही. मुलग्यांचा तोच हिशोब आपणही मांडलेला आहे. तर्पणाच्या विधीत कुळातल्या निपुत्रिक मृतांची आठवण ठेवलेली आहे हे खरे. पण त्यांना मिळते ते कोणते पाणी? ओले वस्त्र पिळल्यावर गळेल ते. ज्याने ही सोय केली तो दयाळू होता असे म्हणावे, की हिशेबी, हे मला अजून ठरवता आलेले नाही.

मेलेल्यांशी संबंध ठेवण्याचे एक नवे साधन मात्र विसाव्या शतकाने आपल्याला दिले. ते म्हणजे सिनेमा. आणि योग पाहा, तो आपल्याकडे आणणारा माणूस आमच्या नाशिक जिल्ह्यातला. दादासाहेब फाळके 1870 साली त्र्यंबकेश्वरी जन्मले; जेथे अतृप्त पितरांसाठी नारायण नागबळी आणि त्रिपिंडी श्राद्ध करायला माणसे लांबलांबून येतात, तेच हे गाव. 1913 साली त्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ काढला. त्या कथेचा गाभा काय? स्मशानात मेलेले मूल घेऊन बसलेली आई. त्यांचा त्यातला रोहिदास म्हणजे त्यांचा स्वतःचाच मुलगा, भालचंद्र. चित्रीकरणाच्या दिवसांत खेळता खेळता तो दगडावर पडला, डोक्याला खोक पडून बेशुद्ध झाला, आणि त्याच अवस्थेत फाळक्यांनी रोहिदासाच्या अंत्यविधीचा प्रसंग चित्रित केला, अशी हकीकत सांगतात. त्या बापाच्या मनाचे त्या क्षणी काय झाले असेल, याचा विचार मी पुष्कळदा केला आहे.

पुढच्याच वर्षी, 1914 साली, फाळक्यांनी ‘सत्यवान सावित्री’ काढला. यमाच्या मागे जाऊन नवऱ्याला परत आणणाऱ्या बाईची कथा. 1932 साली मराठीतला पहिला बोलपट आला, तो प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’. दुर्गाबाई खोटे तारामती आणि कथा पुन्हा तीच, हरिश्चंद्राची! मुक्याने बोललो तेव्हाही आपण मेलेले मूल उठवले, आणि वाचा फुटली तेव्हाही प्रथम तेच केले. माझ्या लहानपणी यात्रेच्या दिवसांत तंबूतला सिनेमा येई. पौराणिक चित्रपट लागला की बायका लेकरांना घेऊन पुढे बसत, आणि मेलेला बाळ डोळे उघडी तेव्हा तंबूत नाणी उडत. लग्नानंतर हीसुद्धा असले सिनेमे हौसेने पाही. 1979 नंतर मात्र रोहिदासाचा प्रसंग जवळ आला की तिला हटकून चुलीवरचे दूध आठवे.

सुमेरियन लोक परतीचे तिकीट इतक्या सहजी फाडत नाहीत. त्यांची इनान्ना देवी पाताळात उतरते तेव्हा सात दरवाजे लागतात आणि प्रत्येक दरवाज्यावर तिच्या अंगावरची एकेक वस्तू काढून घेतात. मुकुट, गळ्यातले मणी, शेवटी वस्त्रसुद्धा. मग तिचे प्रेत खुंटीला टांगतात. काही वर्षांपूर्वी, 2018 साली, ‘तुंबाड’ नावाचा चित्रपट आला. त्यातला नायक दोर धरून विहिरीतून देवीच्या गर्भात उतरतो आणि पिठाच्या रिंगणात जीव मुठीत धरून उभा राहतो. तो पाहताना मला इनान्नाचे दरवाजे आठवले. खाली जाणाऱ्याला काहीतरी सोडून द्यावे लागते, हे दोन्हीकडे ठाऊक आहे. तुंबाडच्या नायकाला एवढेच जमत नाही.

पण इनान्नाला सोडवते कोण? पराक्रमी देव नव्हे. एन्की देव आपल्या नखातला मळ काढून त्यातून दोन जीव घडवतो. ते धड पुरुष नव्हेत, धड स्त्री नव्हेत, असे अभ्यासक मानतात. ते खाली जातात तेव्हा पाताळाची राणी एरेश्किगल आपल्या मुलांच्या दुःखाने विव्हळत पडलेली असते. हे दोघे तिला उपदेश करीत नाहीत, प्रारब्धाच्या गोष्टी सांगत नाहीत. ती ‘आई गं’ म्हणाली की हेही तिच्याबरोबर ‘आई गं’ म्हणतात. बस्स, इतकेच. राणी प्रसन्न होते, आणि ते तिच्याकडे खुंटीवरचे प्रेत मागून घेतात. जीवनाचे अन्न आणि जीवनाचे पाणी त्यावर शिंपडतात, आणि इनान्ना उठून बसते.

आमच्या तालुक्यात सप्तशृंगीचा गड आहे. कोजागरीला दूरदूरच्या नद्यांचे पाणी कावडींतून देवीसाठी गडावर येते, आणि त्याच रात्री तृतीयपंथीयांचा मोठा मेळा तिथे भरतो. सुमेरचा आणि आमच्या गडाचा काही संबंध आहे असा माझा दावा नाही. पण ज्यांच्यामागे पाणी ओतायला मुलगे नाहीत, अशी माणसे पौर्णिमेच्या चांदण्यात गड चढताना मी पाहिली आहेत, आणि जगाचा हिशोब फक्त मुलग्यांवर चालत नाही, असे त्या रात्री मला वाटले आहे.

मागल्या दिवाळीत पुतण्याची नात आमच्याकडे आली होती. तिने आम्हा दोघांना समोर बसवून ‘कोको’ नावाचा इंग्रजी चित्रपट दाखवला. 2017 सालचा, चित्रांचा, मुलांसाठी काढलेला. मेक्सिको देशात वर्षातून एकदा मेलेले आपल्या घरी येतात. अगदी आपल्या पितृपक्षासारखे. मात्र पूल ओलांडायला अट एकच, घरच्या देव्हाऱ्यावर त्यांचा फोटो मांडलेला हवा. आणि जिवंतांपैकी त्यांना ओळखणारे शेवटचे माणूस ज्या दिवशी त्यांना विसरेल, त्या दिवशी ते तिकडूनही नाहीसे होतात. मला आनंद झाला. मुलगाच हवा, ही सुमेरची अट येथे सुटली होती. कोणी आठवण काढली की पुरे!

ही बराच वेळ काही बोलली नाही. मग पोरीला म्हणाली, “ज्याचा फोटोच काढलेला नाही, त्याचं गं काय?”

पोर गोंधळली. “आजी, तसं काही दाखवलं नाही त्यात.”

त्या रात्री मी ते मिटलेले पुस्तक पुन्हा काढले. वारस नसलेल्या माणसाच्या पुढे आणखी बरीच विचारपूस होती. आणि अखेरीअखेरीस गिल्गमेशाने नेमका हिचाच प्रश्न विचारलेला होता : जन्मण्याआधीच गेलेली, स्वतःचे नावही ठाऊक नसलेली लहानगी बाळे तिकडे पाहिलीस का? ती कशी आहेत?

मी हिला हाक मारली. ती दारात उभी राहूनच ऐकू लागली. एन्किडू सांगतो, पाहिली. ती सोन्याचांदीच्या मेजाशी खेळताहेत. मेजावर मध आहे, तूप आहे.

इतक्या रखरखीत गावात, जेथे बापलोक एका मुलाच्या बळावर खुंटीपाशी रडत बसले आहेत, तेथे या नाव नसलेल्यांसाठी कोणा लेखकाने हे मेज मांडून ठेवले होते. ओल्या मातीच्या विटेवर, बोरूने टोचून. त्याच्या घरी काय घडले असेल, ते मला सांगायला नको.

ही म्हणाली, “मध-तूप... सोन्याच्या अंगठीनं चाटवतात ना, जन्मल्यावर. मी अंगठी काढून उशाशी ठेवली होती.”

पंचेचाळीस वर्षांत ही अंगठीची गोष्ट मला ठाऊक नव्हती. मी तिला प्रारब्धाविषयी काही सांगितले नाही. नुसता “हो” म्हणालो, आणि दोघेही पुष्कळ वेळ बसून राहिलो.

त्याच मजकुरात शेवटी आणखी एक प्रश्न आहे. आगीत जळालेला माणूस पाहिलास का? उत्तर मिळते, तो येथे नाही. त्याचा धूर आकाशात गेला. म्हणजे आमचे सारे कूळ सुमेरच्या पाताळातून वगळले गेले. आजोबा नाहीत, आजी नाही, उद्या मीही नसेन. आमच्या घरचे तेथे कोणी असेलच तर ती एकटी. जिला आम्ही अग्नी दिला नाही, मातीत ठेवले.

यंदाच्या आखाजीला पुतण्याने घागर भरली. उंबरठ्यावर कुंकवाची बोटे उमटत असता हिने सगळ्यांच्या खाली एक लहान बोट उमटवले आणि डांगराशेजारी मध-तुपाची एक वाटी ठेवली. सूनबाईने विचारले, “काकू, हे कोणाच्या नावानं?”

“नाव नाही ठेवलेलं,” ही म्हणाली, आणि हातातली अंगठी काढून तिने वाटीत बुडवली.