बियाण्याचे कोसे

टसर रेशमाच्या पतंगाला खाता येत नाही. पंख फुटतात तेव्हा त्याच्या तोंडाला कामच उरलेलं नसतं. आयुष्य जेमतेम आठवडाभराचं. नराने गंधाचा माग काढत अंधारात मादी गाठायची, मादीने दीड-दोनशे अंडी घालून मोकळं व्हायचं. पोटाची सगळी ददात अळीपणीच मिटवलेली.

ती अळी मात्र खादाड. झारखंड, ओडिशा, छत्तीसगडच्या रानांत आणि आपल्याकडे भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीत ऐन आणि अर्जुन ही तिची आवडती झाडं. महिना-सव्वा महिन्यात चार वेळा कात टाकत ती हिरवीगार, बोटाएवढी जाड होते. मग फांदीला चिवट देठाने बांधलेला कोसा विणून आत बसते. वर्षातल्या शेवटच्या पिढीचा जीव त्या कोशात हिवाळा-उन्हाळा काढतो आणि पावसाळ्याच्या तोंडाशी, स्वतःच्या स्रावाने कवच मऊ करून, बाहेर येतो.

तुतीचा रेशीमकिडा घरात पोसतात. टसरची अळी वाढते उघड्या झाडावर. म्हणून गडचिरोलीकडचे ढिवर समाजातले लोक हंगामभर ऐनाखाली राखण करतात. पाखरं, मुंग्या, गांधीलमाशा, सगळ्यांचाच डोळा तिच्यावर.

आणि शेवटी आपलाही. पतंग वाट फोडून बाहेर पडला की सलग धागा गेला. म्हणून आतला जीव आधीच मारावा लागतो. विदर्भातल्या कोष्ट्यांनी विणलेली टसरची करवतकाठी साडी अंगावर तलम लागते, तेव्हा हे आठवून मी थोडा अवघडतो. पण साडी घडी करून ठेवून द्यावी, असंही वाटत नाही.

मला जास्त विचार करायला लावते ती कोशांची निवड. टणक, वजनदार, निर्दोष कोसे वेगळे काढतात, माळा करून टांगतात आणि त्यांतून पतंग बाहेर पडू देतात. हे बियाणे. ज्या कोशातून सर्वांत चांगला धागा निघाला असता, तोच फुटू द्यायचा. यात दयामाया शोधू नये. हा पुढच्या हंगामाचा रोकडा हिशेब आहे. तरी या हिशेबात उत्तम ते बाजाराबाहेर राहतं. आपल्या बाकीच्या व्यवहारांत आपण उत्तम ते आधी विकून मोकळे होतो, आणि उरल्यासुरल्याच्या भरवशावर पुढच्या पावसाची वाट पाहतो.