ऐंशी टक्के कुठून आले?

"अगं, मी क्लायंटकडे बसू की तुझे रकाने भरू?"

दर शुक्रवारी चारच्या सुमारास हे वाक्य ठरलेलं! मास कॉम झाल्यावर नुसत्या लिखाणावर भागेना, म्हणून मी दीड वर्ष हिंजवडी फेज टूमधल्या एका सॉफ्टवेअर कंपनीत सेल्स को-ऑर्डिनेटर होते. काम एकच, सेल्सवाल्यांकडून सीआरएम भरून घ्यायचं. कोणाला भेटलात, काय ठरलं, डील कधी क्लोज होणार वगैरे.

बाकीचे कुरकुरत का होईना, भरायचे. आमचा स्टार मात्र ढिम्म! तिमाहीचं टार्गेट दोन महिन्यांत उडवणारा माणूस, त्याला बोलणार कोण? बॉस म्हणायचे, "त्याला नको त्रास देऊस, तूच बघ काहीतरी."

मग मी 'बघितलं'. वाकडच्या पुलाखाली तो ट्रॅफिकमध्ये अडकला, की फोन करायचा. तो दोन-चार शब्द फेकणार, उरलेलं मी मनानेच भरणार. 'डील होण्याची शक्यता : ८० टक्के.' कुठून आले ऐंशी? माझ्या डोक्यातून! पण रिपोर्ट हिरवागार, सगळे खूश.

त्या आकड्यांवर कंपनीने सहा फ्रेशर्स घेतले. डील फिसकटली. स्टारला हे महिनाभर आधीच कळलं होतं, सिस्टीमला नव्हतं. सहाही जणांचं जॉइनिंग लांबलं. त्यातली एक साताऱ्याहून बॅगा घेऊन थेट रिसेप्शनवर, पीजीचं डिपॉझिट भरून! 'थोडं थांबावं लागेल' हे तिला सांगायला पाठवलं कोणाला? मला.

बॉसने सॉफ्टवेअरला शिव्या घातल्या. खरं तर सीबेल कंपनी १९९३ची, सेल्सफोर्स १९९९ची. म्हणजे हे रकाने जुनेच. भरायचे सेल्सवाल्याने आणि वाचायचे बॉसने, मग त्याला कंटाळा येणार नाही तर काय?

मी हट्टच धरला. बावीसचे तीन रकाने केले : पुढची तारीख, अडचण, शक्यता. व्हॉइस नोट चालेल, टाइप मी करीन. पण टक्के त्यानेच सांगायचे. आणि नोंद नसेल, तर त्या डीलचा इन्सेंटिव्ह पुढच्या महिन्यात. या शेवटच्या अटीला बॉस आठवडाभर टाळत होते, स्टार सोडून जाईल म्हणून.

तो गेला नाही. दोन शुक्रवार फुगून बसला. तिसऱ्या शुक्रवारी हॉर्नच्या गोंगाटात व्हॉइस नोट आली : "लिही, चाळीस टक्के. त्यांचा मॅनेजर बदललाय."

साताऱ्याची ती मुलगी चार महिन्यांनी जॉइन झाली. कँटीनमध्ये दिसली की छान हसायची. त्या ऐंशी टक्क्यांचं मी तिला कधीच सांगितलं नाही.